पोस्टरमागची कळ

मोबाईलवरच्या पोकेमॉन गो या खेळात जिओव्हानी नावाचा खलनायक आहे. टीम गो रॉकेट या टोळीचा तो म्होरक्या. पोकेमॉन, म्हणजे खेळातले काल्पनिक प्राणी, पळवायचे, त्यांच्या मनातली माया पुसायची आणि त्यांना नुसती लढाईची हत्यारं बनवायचं, हा टोळीचा धंदा. जुलै २०१९मध्ये टोळीची फुटकळ माणसं खेळात दिसू लागली; खेळणारे त्यांना ग्रंट म्हणतात. त्याच वर्षी नोव्हेंबरात क्लिफ, सिएरा आणि आर्लो हे तीन सरदार आले आणि त्यांच्या आड लपलेला जिओव्हानीही आला. त्याला गाठायची रीत ठरलेली आहे. ग्रंटला हरवलं की एक गूढ सुटा भाग मिळतो, असे सहा भाग जमले की रॉकेट रडार तयार होतं आणि त्यावर जवळपासच्या सरदारांचे अड्डे दिसतात. खुद्द जिओव्हानीसाठी सुपर रॉकेट रडार लागतं. ते खास कामगिरीच्या टप्प्यांमधून मिळतं. ते चालू करून दाखवलेल्या पोकेस्टॉपवर जायचं. कुठे त्याचा तोतया भेटतो, कुठे तो स्वतः. आणि पोकेस्टॉप म्हणजे खऱ्या जगातलं एखादं ठिकाण: देऊळ, पुतळा, बागेचं फाटक, भिंतीवर रंगवलेलं चित्र.

एवढं सगळं केल्यावर खेळणाऱ्याने खलनायकाचा अड्डा शोधला असं म्हणायचं का? माझ्या मते नाही. लपलेल्या माणसाचं ठिकाण त्याच्या वागण्यावरून ओळखता आलं, तरच त्या शोधातून खलनायक कळतो, आणि मोबाईलवरच्या या खेळाने नेमका तोच भाग यंत्राच्या हवाली केला आहे. हे मत सगळ्यांना पटणारं नाही. वर्षानुवर्षं हा खेळ मनापासून खेळणाऱ्यांचं म्हणणं वेगळं आहे आणि त्यात जोर आहे. म्हणून शास्त्रार्थाची जुनी रीत इथे धरली आहे. पूर्वपक्ष त्यांचा, उत्तरपक्ष माझा.

पूर्वपक्ष: तुम्ही पडद्यावरच्या खेळाची फूटपट्टी रस्त्यावरच्या खेळाला लावता आहात. जुन्या खेळात चक्रव्यूह पडद्याच्या आत असायचा, म्हणून डोकं आत लढवावं लागायचं. इथे नकाशा म्हणजेच आपलं गाव. रडारवर खूण दिसली तरी तिथपर्यंत पाय चालवावे लागतात, आणि त्या चालण्यात शोध आहे. ही ठिकाणं कुणी डोळे मिटून टाकलेली नाहीत. निआँटिक कंपनीचा आधीचा खेळ इनग्रेस २०१२मध्ये सुरू झाला. त्यात जगभरच्या खेळाडूंनी आपापल्या गल्लीतल्या लक्ष देण्यासारख्या जागा सुचवल्या, त्यांचे फोटो पाठवले, आणि त्या यादीवर पोकेमॉन गोचे स्टॉप उभे राहिले. पुढे या खेळातल्या माणसांनाही ठिकाणं सुचवायची आणि तपासायची सोय झाली. म्हणजे जिओव्हानी जिथे उभा असतो, ती जागा कुणातरी स्थानिक माणसाला मोलाची वाटली होती. रोज त्या रस्त्याने जाणाऱ्याने कधी मान वर करून न पाहिलेलं शिल्प, विसरलेली विहीर, कोनाड्यातला मारुती त्याला खलनायकाच्या निमित्ताने दिसतो. शिवाय बंदिस्त कोडं एकदाच सुटतं. जुन्या खेळातला जिओव्हानीचा अड्डा कुठे आहे हे आज सगळ्यांना पाठ आहे. आमचा अड्डा मात्र दर वेळी नवा असतो.

उत्तरपक्ष: तुम्ही जुन्या अड्ड्याचं नाव काढलंत ते बरं झालं. तो नीट पाहिला तर आपला वाद कशाबद्दल आहे ते स्पष्ट होईल. १९९६मध्ये जपानमध्ये गेम बॉयसाठी पोकेमॉनचे पहिले खेळ आले. त्यात सेलॅडॉन नावाचं शहर आहे. मोठं, झगमगीत, दुकानांनी भरलेलं. तिथे गेम कॉर्नर नावाचा जुगारखाना आहे: नाणी विकत घ्या, यंत्रात टाका, जिंकलेल्या नाण्यांच्या बदल्यात बक्षीस घ्या. बक्षीस कसलं, तर जिवंत पोकेमॉनही. पोरिगॉन हा पोकेमॉन तिथेच मिळतो. इंग्रजी रेड आवृत्तीत त्याची किंमत ९,९९९ नाणी आहे. बक्षिसं द्यायची जागा मात्र जुगारखान्यात नाही, शेजारच्या वेगळ्या इमारतीत आहे. जपानमध्ये पाचिंको नावाच्या यंत्रांवर असाच व्यवहार चालतो. पैशाच्या जुगाराला कायद्याची बंदी, म्हणून जिंकलेली वस्तू बाहेरच्या वेगळ्या खिडकीवर नेऊन तिचे पैसे करायचे. खेळ बनवणाऱ्यांना हे ठाऊक होतं आणि जपानी मुलांनाही रस्त्यावर ते दिसत होतं. सेलॅडॉनमधला एक नागरिक तर उघड सांगतो की या जागेने शहराची बदनामी होते आहे.

आता त्या जुगारखान्यात शिरा. यंत्रांसमोर माणसं बसली आहेत, आणि मागच्या भिंतीशी रॉकेट टोळीचा एक माणूस एका पोस्टरसमोर खिळून उभा आहे. त्याच्याशी बोललात तर तो पोस्टरची राखण करतोय असं सांगून तुम्हाला हाकलू बघतो. हरवलात तर पळतो. मग पोस्टर तपासायचं. मागे कळ असते, ती दाबली की तळघराचा जिना उघडतो. खाली चार मजले. गरागरा फिरवणाऱ्या फरश्या, लिफ्टची किल्ली एका टोळीवाल्याकडे, आणि सर्वांत खाली जिओव्हानी. या जागेची जुळणी बघा. टोळी पोकेमॉन चोरते, वरच्या जुगारखान्याच्या नाण्यांवर पोकेमॉन बक्षीस म्हणून विकले जातात, आणि मधल्या जिन्याला पोस्टरचा पडदा आहे. चोरीचा माल, तो खपवणारं दुकान आणि दुकानाची उजळ पाटी, ही साखळी खेळाने शब्दांत कुठेच समजावून सांगितलेली नाही. जिना उतरताना ती पोराला आपली आपण कळते. अड्डा तिथेच का आहे याला कारण आहे, आणि ते कारण म्हणजेच खलनायकाचं चरित्र.

यापुढची गोष्ट मला अधिक मोलाची वाटते. खेळाच्या सुरुवातीला, आपलं गाव सोडल्यावर लागणारं पहिलंच शहर विरिडियन. तिथे जिम, म्हणजे पोकेमॉन लढवायचा आखाडा, आहे आणि ती बंद आहे. तिचा प्रमुख कोण असेल असं एक जण नवलाने म्हणतो. आपण पुढे जातो, इतर जिम जिंकून सात बिल्ले मिळवतो, देशभर हिंडतो, आणि परत आल्यावर ते दार उघडतं. आत जिओव्हानी बसलेला असतो. जुगारखान्याखालचं तळघर ही त्याची लपायची जागा होती. त्याचं खरं ठाणं राजमान्य होतं, भर शहरात होतं, आणि खेळणारा पहिल्याच दिवशी त्याच्या दारावरून गेला होता. ज्या दारावर पुरावा होता त्याला आपण फक्त ‘बंद’ समजलो. दहा-बारा वर्षांच्या मुलाला खलनायक कुठे राहतो याचं याहून खरं उत्तर कुणी दिलेलं मला माहीत नाही. पोकेमॉन गोमधला जिओव्हानी देवळापाशी उभा असो की पाणपोईपाशी, त्या जागेवरून त्याच्याबद्दल काहीच कळत नाही. तो तिथे असण्याला कारण नाही. तुम्ही म्हणता अड्डा दर वेळी नवा असतो; नवा असतो, कारण तो कशालाच बांधलेला नसतो.

पूर्वपक्ष: सेलॅडॉनचं वर्णन तुम्ही आजच्या जाणत्या नजरेने करता आहात. कोडं म्हणून ते अगदी पातळ आहे. रखवालदारच सांगतो की मी पोस्टर राखतोय! यात कसली आली अक्कल? आणि यंत्राने पत्ता सांगितला म्हणून शोधाची किंमत जाते, हेही खरं नाही. रामायण घ्या. सीता कुठे आहे हे वानरांनी तर्काने काढलेलं नाही. दक्षिण समुद्राच्या काठी ते हताश बसले असताना संपातीने गिधाडाच्या दूरदृष्टीने शंभर योजनांपलीकडची लंका पाहिली आणि सांगितली. संपाती म्हणजे रडारच. म्हणून हनुमंताचं उड्डाण कुणी कमी लेखतं का?

उत्तरपक्ष: सोपं असणं हा कोड्याचा दोष नाही. रहस्यकथा लिहिणारे रोनाल्ड नॉक्स यांनी १९२९मध्ये या लेखनाचे दहा नियम मांडले. त्यांत गुप्त खोली किंवा गुप्त वाट एकापेक्षा जास्त नसावी असा एक नियम आहे, आणि हेराला सापडलेला धागा वाचकापासून लपवू नये असा दुसरा. दोन्हींमागचा विचार एकच: लपवणाऱ्याने शोधणाऱ्याशी प्रामाणिक राहावं. पोस्टरची राखण करणारा माणूस हा अगदी ढोबळ धागा आहे, मान्य. पण तो खेळणाऱ्याच्या डोळ्यांसमोर ठेवलेला आहे आणि तो वाचायचं काम खेळणाऱ्यावर सोडलेलं आहे. कुठलाच बाण तिकडे दाखवत नाही. पोस्टरला कुणी पहारा का देईल, हा प्रश्न मुलाच्या मनात उठतो आणि पुढचं पाऊल त्या प्रश्नातून पडतं. रडार हा प्रश्नच उठू देत नाही.

संपातीचं उदाहरण मात्र माझ्याच बाजूचं आहे. त्याने लंका सांगितली, अशोकवन सांगितलं नाही. हनुमान रात्री लंकेत शिरतो, घरामागून घर धुंडाळतो, रावणाच्या अंतःपुरात झोपलेल्या मंदोदरीला सीता समजतो, आनंदाने नाचतो, आणि मग थांबून विचार करतो: रामापासून दुरावलेली सीता अशी सजून निवांत झोपेल का? चूक त्याने स्वभावावरून दुरुस्त केली. वाल्मीकींनी सुंदरकांडाचे सर्गच्या सर्ग या शोधाला दिले आहेत. आणि दुसरं उदाहरण महाभारतातलं, खलनायकाच्याच लपण्याचं. सगळं सैन्य संपल्यावर दुर्योधन द्वैपायन डोहात, मायेने थिजवलेल्या पाण्याखाली दडून बसला. पांडवांचे हेर दमले. पत्ता लागला तो शिकाऱ्यांमुळे. भीमासाठी रोज मांस आणणारे व्याध पाणी प्यायला डोहाकाठी टेकले होते. अश्वत्थामा, कृप आणि कृतवर्मा काठावर उभे राहून पाण्याशी बोलत आहेत हे त्यांनी ऐकलं, युधिष्ठिराने केलेली चौकशी त्यांना आठवली, आणि दोन्ही गोष्टी त्यांनी जुळवल्या. दुर्योधनाची जागा त्याच्याशी निष्ठावंत राहिलेल्या तिघांनी उघड केली. पोस्टरपुढचा रखवालदार आणि डोहाकाठचे ते तिघे एकाच जातीचा पुरावा आहेत: लपलेल्याला राखणारी माणसं.

पूर्वपक्ष: ठीक. पण आता माझी खरी हरकत ऐका. सेलॅडॉन कुठेच नाही, म्हणून तिथल्या जुगारखान्याखाली टोळी दाखवता येते. आमचा नकाशा खऱ्या जगाचा आहे. तुमच्या नियमाप्रमाणे अड्ड्याला कारण हवं, जागेला आणि गुन्ह्याला नातं हवं. मग उद्या कुठल्या खऱ्या क्लबखाली, कुठल्या खऱ्या देवस्थानात, कुणाच्या दुकानाच्या तळघरात टोळीचा कारभार दाखवायचा? जागेला अर्थ दिला की तो अर्थ तिथे राहणाऱ्यांना चिकटतो. अर्थ न देताही काय झालं ते आठवा. जुलै २०१६मध्ये खेळ आला आणि वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट संग्रहालयाला पाहुण्यांना विनवावं लागलं की इथे खेळू नका. ऑशविट्झच्या स्मारकाने आपली जागा खेळातून वगळायला सांगितली. हिरोशिमाच्या शांतता उद्यानातले स्टॉप ६ ऑगस्टच्या स्मृतिदिनाआधी काढावे लागले. आपल्याकडे तर खेळ अधिकृतपणे सुरूही झाला नव्हता. तरी सप्टेंबर २०१६मध्ये गुजरात उच्च न्यायालयात जनहित याचिका गेली. देवळांच्या जागी खेळातली अंडी दिसतात आणि त्याने भावना दुखावतात, अशी तक्रार होती, आणि न्यायालयाने नोटिसा काढल्या. अमेरिकेत घरमालकांनी दावा लावला. २०१९च्या तडजोडीत राहत्या घरापासून ४० मीटरच्या आतली खूण मालकाच्या तक्रारीवरून काढायचं कंपनीने कबूल केलं. खलनायकाचं ‘घर’ कुणाच्या घराजवळही असू शकत नाही. अशा नकाशावर अड्डा कोरा ठेवणं यात आळस नाही, ते सौजन्य आहे. जिओव्हानी देवळापाशी उभा राहतो तेव्हा देवळाबद्दल काहीही म्हटलं जात नाही, आणि ते तसंच हवं.

उत्तरपक्ष: ही हरकत मी पूर्ण मान्य करतो. खऱ्या जागेवर गुन्ह्याचा शिक्का मारायचा हक्क कुठल्याही खेळाला नाही. तुमच्या यादीतली प्रत्येक तक्रार रास्त होती, आणि गुजरातमधली याचिका कुणाला अतिसंवेदनशील वाटली तरी तिच्यामागचा प्रश्न खरा होता: माझ्या श्रद्धेच्या जागेवर काय उभं राहील हे दूरची कंपनी मला न विचारता कसं ठरवते? तेव्हा मी माझा दावा थोडा हलवून मांडतो. जागेला अपराधी अर्थ देता येत नसेल, तर अर्थ माणसांच्या वागण्याला द्यावा. अड्डा कुठे आहे यापेक्षा तो कसा कळला, हे महत्त्वाचं. दुर्योधनाच्या गोष्टीत डोहावर काही ठपका येत नाही. काठावरची माणसं बोलली म्हणून ठिकाण कळलं.

आणि अशी रीत या खेळाला परकी नाही. ती त्यात होती, आणि पहिल्याच महिन्यात काढून टाकली गेली. जुलै २०१६मध्ये खेळ सुरू झाला तेव्हा जवळपासचे पोकेमॉन एका यादीत दिसत आणि प्रत्येकाखाली पावलांचे ठसे असत: एक ठसा म्हणजे जवळ, तीन म्हणजे लांब. दिशा कुठलीच नाही. खेळणारा एका बाजूला चालायचा, ठसे तिनाचे दोन होतात का बघायचा, वाढले तर मागे वळायचा, चौकात उभा राहून पुन्हा अंदाज बांधायचा. तीन बाजूंनी अंतर घेऊन मधली जागा पकडायची, हे जमीन मोजणाऱ्यांचं तंत्र शाळकरी मुलं रस्त्यावर आपापसात शोधून काढत होती. मग बिघाड झाला आणि सगळ्यांखाली कायम तीनच ठसे दिसू लागले. महिना संपता संपता ठसे पूर्णपणे काढून टाकले. त्याजागी काही महिन्यांनी जी सोय आली, तिच्यात पोकेमॉन ज्या पोकेस्टॉपजवळ असेल त्याचा फोटोच दिसू लागला. बोट ठेवा, तिथे जा. २०१९मधलं रॉकेट रडार याच दुसऱ्या वाटेने आलं. म्हणून मोबाईलवर शोध शक्यच नाही, असं मी कधीच म्हणणार नाही. मोबाईलवर गेम बॉयपेक्षा चांगला शोध शक्य होता, कारण इथे अंदाज पायांनी तपासता येत होता.

पूर्वपक्ष: तुम्ही त्या महिन्याचा अर्धाच भाग सांगितलात. ठसे होते तेव्हाही लोक पोकेव्हिजनसारख्या बाहेरच्या नकाशांवर तुटून पडत होते, जिथे प्रत्येक पोकेमॉनची नेमकी जागा दिसायची. कंपनीने ते नकाशे बंद पाडले तेव्हा केवढा संताप झाला! लोकांना पत्ता हवा असतो, कोडं नको असतं. ज्याला कामावरून परतताना वीस मिनिटं मिळतात, त्याने चौकात उभं राहून अंतरं किती मोजायची? आणि एक गोष्ट तुम्ही विसरताय. ज्याला चालता येत नाही, ज्याच्या गल्लीत एकही स्टॉप नाही, त्याचं काय? जुलै २०२०मध्ये जग घरात कोंडलेलं असताना टीम गो रॉकेटचे बलून आले. दर सहा तासांनी बलून डोक्यावर येतं. सुपर रॉकेट रडार चालू असेल तर त्यात जिओव्हानीही असतो. खलनायक स्वतः दाराशी येतो. खाटेवरच्या माणसाला यामुळे खेळाचा शेवट गाठता आला.

उत्तरपक्ष: खाटेवरच्या माणसासाठी बलून हवंच, त्याबद्दल माझा वाद नाही. पण बलून आलं तेव्हा तुमच्या पहिल्या युक्तिवादाचा पाया निघाला, हे लक्षात घ्या. तुम्ही म्हणालात चालण्यात शोध आहे, वाटेत गाव दिसतं. दाराशी येणाऱ्या खलनायकाला गाठताना ना चालणं उरतं ना गाव. सुरुवातीची कामगिरी झाल्यावर सुटे भाग जमवण्याऐवजी साधं रॉकेट रडार दुकानातून २०० नाण्यांना घेताही येतं, आणि ती नाणी खऱ्या पैशांनी विकत मिळतात. सेलॅडॉनच्या जुगारखान्यातही नाणी विकत घेता यायची, पण कितीही नाणी ओतली तरी पोस्टरमागचा जिना विकत मिळत नव्हता. चालण्याच्या पुण्याईबद्दलही एक पुरावा आहे. डिसेंबर २०१६मध्ये बीएमजे या वैद्यकीय नियतकालिकात अमेरिकेतल्या तरुण खेळाडूंचा अभ्यास आला. खेळ घेतल्यावर पहिल्या आठवड्यात दिवसाला सरासरी ९५५ पावलं वाढली, आणि सहाव्या आठवड्यापर्यंत ती पूर्ववत झाली. नुसतं चालणं माणसाला धरून ठेवत नाही. पुढे काय असेल हा प्रश्न मनात असेल, तर पाय टिकतात.

पोकेव्हिजनचं म्हणाल, तर उत्तरं पाहायची सोय झाली की बरेच जण ती पाहतात, हे कुठल्याही कोड्याचं खरं आहे. त्यावरून कोडं नको होतं असं ठरत नाही. त्याच दिवसांत ठसे परत आणा अशी मागणीही तितक्याच तळमळीने होत होती, आणि संतापाचा मोठा भाग याचा होता की आता शोधायला काहीच साधन उरलं नाही. वीस मिनिटांचा प्रश्न मात्र खरा आहे. त्याचं उत्तर कोडं काढून टाकण्यात नाही, ते लहान करण्यात आहे. पोस्टरपुढचा रखवालदार ओळखायला एक मिनिट पुरतं.

पूर्वपक्ष: मग तुमची रीत सांगा. टीका पुष्कळ झाली.

उत्तरपक्ष: सामान आधीच खेळात आहे. ग्रंट लढाईआधी एक वाक्य बोलतो आणि त्या वाक्यात त्याच्याकडे पाण्याचे पोकेमॉन आहेत की आगीचे याची सूचना असते. अनुभवी खेळाडू ते ऐकून आपली फळी बदलतात. म्हणजे बोलण्यावरून ओळखायची सवय या खेळाने लोकांना लावलेली आहे. ती फक्त लढाईपुरती ठेवली आहे. सहा ग्रंटकडून सहा सुटे भाग मिळतात, त्यांच्यासोबत सहा बोल मिळू देत. एक जण म्हणेल साहेबांना पाण्याचा आवाज आवडतो. दुसरा चढ चढून दमलेला असेल. तिसरा म्हणेल दिवे लागायच्या आत परत जायला सांगितलंय. डिसेंबर २०१७पासून खेळाचा नकाशा ओपनस्ट्रीटमॅपवर आधारलेला आहे. नदी कुठे, बाग कुठे, टेकडी कुठे हे त्यात नोंदलेलं असतं. पुण्यातल्या खेळाडूला आज मुठेचा काठ सुचेल, उद्या पर्वतीचा पायथा. कुठल्याही इमारतीवर ठपका येत नाही, कारण नदी आणि चढ कुणाचे अपराधी नसतात. जिथे स्मारक आहे, श्रद्धास्थान आहे, राहतं घर आहे, ती जागा अड्ड्याच्या यादीतून आधीच वगळावी. तेवढी माहिती नकाशात आहे. तोतयेही कामाला येतील. आज तोतया भेटला की तो नुसता अडथळा असतो. तो खोटं बोलला आणि त्याचं खोटं त्या सहा ग्रंटच्या बोलण्याशी जुळेना, तर खेळणाऱ्याला प्रथमच कळेल की टोळीत कोण कुणाला राखतोय. रडारही राहू दे, पण शेवटच्या टप्प्यासाठी: खेळणारा योग्य भागात पोचला की मग ते जागं व्हावं. संपातीने लंका सांगावी, अशोकवन हनुमानाने शोधावं.

पूर्वपक्ष: शहरात चालेल हे. कोकणातल्या किंवा मराठवाड्यातल्या एखाद्या गावात दोन स्टॉप असतात, एक शाळेजवळ आणि एक देवळापाशी. इनग्रेसच्या काळापासून ठिकाणं सुचवणारे लोक शहरांत होते, म्हणून यादी शहरांकडे झुकलेली आहे. तिथल्या पोराला तुमचे सहा बोल कुठे नेणार? दोनांतला एक, एवढंच.

उत्तरपक्ष: त्या पोराचा विचार रडारनेही केलेला नाही; सहा ग्रंट गाठायला त्याला आजही आठवडा लागत असेल. त्याच्यासाठी बलूनच योग्य, पण बलून तरी कुठून येतं ते त्याला ओळखता यावं. आज ते वेळ झाली की डोक्यावर उगवतं. ते एकदा ओढ्याच्या बाजूने यावं, एकदा गायरानाच्या, आणि आदल्या दिवशी गावात आलेल्या एकुलत्या एका ग्रंटच्या बोलण्यात त्याची चाहूल असावी. दोन स्टॉपच्या गावात ओढा असतो, गायरान असतं, टेकाड असतं, एसटीचा फाटा असतो. ओपनस्ट्रीटमॅप कुणालाही भरता येतो. यातलं जे अजून नोंदलेलं नाही, ते त्या गावचा पोरगा स्वतः नोंदवू शकतो.